वारुळामागून

मुलेंबो, ९ जून

याया,

तुझं पत्र कासामाच्या बसवाल्यानं आणून दिलं. पाकीट उघडंच होतं, तेव्हा त्याच्या बायकोपासून पुढच्या गावापर्यंत सगळ्यांना कळलं असणार की किट्वेच्या थोरलीनं शेवटी धाकटीला लिहिलं. आईला माती दिली त्या दिवशी तू चारचौघांत म्हणाली होतीस, "हिच्या हाती झाडी ठेवली तर कुऱ्हाड लागायला वेळ लागणार नाही." ते अजून माझ्या कानात आहे. म्हणून इतके दिवस मी लिहिलं नाही. तू लिहिलंस. तू थोरली, तुझं मन मोठं. घे, सुरुवातीलाच मान दिला.

मुकूकाला न्हाण आलं, हे वाचून मी कणग्याजवळच बसले. पोर तुझ्या पोटची असली तरी मावशी म्हणजे आईच, तेव्हा ती माझीही मुलगी. तिचा नाच करायचा, भिंती रंगवायच्या, आणि जानेवारीत आपल्याकडचा पाऊस भरात आला की तू तिला आईच्या अळंब्यांच्या झाडीत नेऊन दाखवणार. दाखव की. थोरलीनं दाखवायचं आणि धाकटीनं तोंड मिटून मागे उभं राहायचं, ही आपल्या घरची रीत मला काय नवी आहे? माझ्या बेसाला न्हाण आलं तेव्हाही मी तोंड मिटूनच होते. तुला निरोप धाडला होता. नवऱ्याची खाणीतली पाळी बदलली म्हणून तू आली नाहीस. माझ्या लेकीला झाडी कुणी दाखवलीच नाही. आता तिच्या पाठीला बाळ बांधलेलं आहे, तरी आईची जागा कुठली ते तिला ठाऊक नाही. वाटेकडेच्या अळंब्या खुडून आणते, परक्या गावच्या सुनेसारखी. असो. जुनी मढी उकरायला बसले नाही मी.

बेसाला आता दुसरा नवरा मिळालाय. लोम्बे नाव. पहिला माझ्या तोंडाला भिऊन पळाला असं गाव म्हणतं, आणि गाव काही खोटं बोलत नाही. "झाडावर फांद्यांची कवळ तोडायला चढतो की डुलकी काढायला?" असं मी बेसाकडून त्याला विचारलं होतं. हा लोम्बे कामाला वाघ आहे. आला आणि दुसऱ्या दिवशी कुऱ्हाडीला धार लावून बसला. मी देवाशपथ सांगते, ह्या जावयाबद्दल मी ब्र काढणार नाही. तसंही ताट ठेवून त्याला बोलता करायचा विधी अजून व्हायचाय, तोवर त्यानं मला बघायचं नाही आणि मी त्याला. वाटेत समोर आला की मी अंगावर गुंडाळलेलं चितेंगे डोक्यावरून ओढते आणि झुडपात घुसते. ह्या वयात काटे काढत बसावं लागतं.

झाडी कशी आहे विचारतेस. जिथे होती तिथेच आहे. ओढ्यापलीकडे, मोठ्या वारुळाच्या अंगाला.

एक नवल मात्र सांगते. आपण जन्मभर झाडीत हिंडलो ते खाली मान घालून. मुपुटूच्या झाडाच्या शेंड्याला काय संसार मांडलेला असतो, याया. राखाडी-हिरव्या दाढ्या, बापाच्या हनुवटीला होती तशा, पण हातभर लांब. त्यांच्या बुडाशी चपटी दगडफुलं, कडा मुडपलेल्या, वरून फिकट आणि पोटाकडून काळीभोर. एका फांदीवर नुसती शेंदरी पूड सांडल्यासारखी. एका सालीवर पांढरी वर्तुळं, एकात एक, पोरांनी काडीनं ओढावीत तशी. मी बोट ओलं करून एका दगडफुलावर फिरवलं तर डोळ्यांदेखत हिरवं झालं. वाळल्यावर परत राखाडी. मी किती वेळ तोच खेळ करत बसले होते. आईनंही हे कधी पाहिलं नसेल.

मुकूकाला मुका.

तुझी म्वेन्या


मुलेंबो, १४ ऑगस्ट

याया,

तू बदलली नाहीस. सगळ्या पत्रातलं तुला एवढंच दिसलं. "शेंड्यावरच्या दाढ्या तुला कुठून दिसल्या? ह्या वयात झाडावर चढतेस की काय?"

नाही चढत. वारा सुटलाय इकडे. ऑगस्टचा वारा विसरलीस का तिकडे खाणीच्या धुरात? फांद्या पडतात.

जूनमध्ये वारा नसतो हे तू लिहिशील, म्हणून आधीच सांगते. थोडी कवळ लोम्बेनंही तोडली. कडेकडेची. आम्हाला नाचणी पेरायची असते, तुमच्यासारखं दुकानातलं पीठ मिळत नाही. दर साली कुठली तरी झाडं बोडकी करावीच लागतात, राब भाजावाच लागतो, राखेशिवाय नाचणी धरत नाही. त्याला काय ठाऊक कुठली झाडी कुणाची? तो नदीपलीकडचा. आणि बेसानं तरी काय सांगायचं? तिला कुणी दाखवलंय?

तू विचारलंस म्हणून गेल्या पावसाळ्याचं लिहिते, म्हणजे तुझा जीव थंड होईल. पहिल्यांदा वारुळावरची अळंबी आली. तिला टोपलीत घालता येत नाही, हे तुला आठवत असेल. बेसाच्या बाळाला खाली उभं केलं तर ते अख्खं झाकलं गेलं, आणि वरून पाऊस पडला तरी कोरडं. मग तेंते, अंड्यासारखी पांढरी, कवच फोडून वर येते ती तपकिरी टोपी घालूनच. लाल, जांभळ्या, हिरव्या टोप्यांच्या ठिसूळ अळंब्या, बोट लागलं की खडूसारख्या मोडणाऱ्या. एक निळसर, तिला मोडलं की दूध गळतं. कुजक्या ओंडक्यावर शेंदरी पंखे. आणि ती जाळीचा घागरा नेसलेली, जिचा वास इतका घाण की आई म्हणायची, "नटलीय बघ, पण अंघोळ नाही केली." आणि मधल्या जागेत चितोंडो. पानांखालून पिवळा उजेड आल्यासारखा वाटतो. तू हसशील, पण मी दर वर्षी तिथे गेले की पायातल्या चपला काढते.

गेल्या साली हे सगळं होतं. हे खरं लिहितेय.

तुझी म्वेन्या


मुलेंबो, ५ ऑक्टोबर

याया,

तुझ्या पत्रात मायना नव्हता. "कडेची म्हणजे कुठली? राब कुठे रचलाय?" एवढंच. पोस्टकार्डावर. बसवाल्यानं माझ्या हातात देताना मान दुसरीकडे वळवली.

सांगते. लोम्बेनं आईच्या झाडीतली बहुतेक झाडं बोडकी केलीत. वारुळाच्या मागची थोडी राहिली, बाकी सगळी नुसते बुंधे होऊन उभी आहेत.

मी त्या सकाळी टोपली घेऊन सरपणाला गेले होते. ओढा ओलांडला आणि कुऱ्हाडीचा आवाज आला. वर पाहिलं तर लोम्बे. मुपुटूच्या शेंड्यावर, एका हातानं फांदी धरलेली, दुसऱ्यानं घाव घालतोय आणि गातोय. त्या आनंदी माणसाला मी काय करू? सासूनं जावयाशी बोलायचं नाही. मी चितेंगे डोक्यावर ओढलं आणि वारुळामागे बसले. तिथून सगळं ऐकू येत होतं. फांदी पडायची, पानं थरथरायची, मग तो पुढच्या झाडाकडे. मी तिथेच. खोकले असते तरी तो खाली उतरला असता आणि तोंड लपवून पळाला असता. मी खोकले नाही.

तू म्हणशील, गावात येऊन बेसाला सांगायचं. ती सांगेल त्याला. घर काही लांब नाही. हो. मीही वारुळामागे हेच म्हणत होते, की आता उठते आणि जाते. मग वाटलं, बेसाला सांगितलं तर ती नवऱ्याला सांगणार, तो म्हणणार सासू कामात खोट काढते, आणि आणखी एक जावई माझ्या तोंडापायी गेला असं होणार. माझ्या लेकीच्या पाठीला बाळ आहे, याया. तिचा पहिला संसार मी मोडला. दुसरा माझ्या हातानं मोडवेना. म्हणून गप्प बसले.

तो गेल्यावर मी पडलेल्या फांद्यांत गेले. तेव्हा पाहिल्या त्या दाढ्या आणि ती दगडफुलं. तुला जूनमध्ये लिहिलं ते तेच. इतकं सुंदर होतं की मी क्षणभर खूश झाले. आधी खूश झाले आणि मग रडले, हे तुला सांगायला लाज वाटते. आता ती सगळी ठिसूळ झालीत, चुरगळली की भुकटी होते. बोट ओलं करून फिरवलं तरी हिरवी होत नाहीत.

तेव्हा ह्या जानेवारीत येऊ नकोस. पोरीला काय दाखवणार? रस्तेही वाईट आहेत, पूल खचलाय. झाडं परत फुटतील, मुकूकाच्या पोरींना दिसेल सगळं.

राब कुठे रचलाय, तर बायका जिथे टाकतात तिथे. फांद्या ओढून आणायचं काम बायकांचं, तुला ठाऊक आहे. बेसा आणि मी महिनाभर डोक्यावर वाहत होतो. आता हलवता येणार नाही. मुखियाचा हुकूम झाला की सगळीकडे पेटवतील. पलीकडच्या गावात धूर दिसायलाही लागला.

तुझी म्वेन्या


मुलेंबो, २७ जानेवारी

याया,

पूल खचला नव्हता, हे तू स्वतःच पाहिलंस.

तू आलीस आणि मामाच्या घरी उतरलीस. माझ्या अंगणावरून गेलीस. मी चुलीवर शेंगदाण्याचं कूट घालून पालेभाजी ठेवली होती, नाचणीची उबवाली घोटून झाकून ठेवली होती. बेसा म्हणाली, "आई, मावशीआई आली. उठ ना." मी म्हटलं, "तिला विसावा घेऊ दे." झाकलेलं जेवण दुसऱ्या दिवशी कोंबड्यांना घातलं.

तू मुकूकाला घेऊन ओढ्याकडे निघालीस तेव्हा मी आधीच तिथे होते. कुठे, ते तुला माहीत आहे. त्याच वारुळामागे. तेच चितेंगे, लाल पक्ष्यांचं.

किती मोठी झालीय पोर. तुझ्यासारखी चालते, टाच आपटून. तिनं नव्या कपड्यांत, कपाळाला पांढरी माती लावून चहूकडे पाहिलं आणि विचारलं, "आई, झाडी कुठाय?" तू म्हणालीस, "हीच." समोर बोडकी खोडं, त्यांना पालवीचे झुबके फुटलेले, आणि मधोमध काळ्या राखेत कोवळी नाचणी. तरी तू दाखवायला सुरुवात केलीस. आईसारखीच, बोट न उचलता, नुसत्या हनुवटीनं. कारण बोट दाखवलं तर अळंबी रुसते. "इथे तेंते. इथे लाल टोपीवाली. इथे दूध गाळणारी." पोर तुझ्या हनुवटीच्या रोखानं बघायची आणि मान डोलवायची. तिथे काही नव्हतं. नाव शिकली, वस्तू नाही. मला वाटलं, तू ओरडशील, राखेवर बसून मला शिव्या घालशील. त्या मी ऐकून घेतल्या असत्या. तू शांतपणे दाखवत राहिलीस.

मग नाचणीच्या मधोमध उभी राहिलीस आणि वारुळाकडे पाठ करून मोठ्यानं म्हणालीस, "मुकूका, इथे काय उगवायचं ते मी विसरले बघ. त्या वारुळाला विचार. आणि राब इथेच कुणी रचला, तेही विचार."

पोरीला वाटलं गंमत आहे. ती पाच पावलं पुढे आली आणि वाकून विचारलं, "वारूळबाबा, इथे काय उगवायचं?" मला तिच्या पायातले मणी दिसत होते. मी तोंडात पदराचा बोळा धरला होता. जावयाशी थेट बोलत नाहीत तशी तू माझ्याशी तिसऱ्याच्या तोंडून बोललीस, आणि मी जावयासमोर बसते तशी बसून राहिले. थोडं थांबून मुकूका म्हणाली, "काही बोलत नाही, आई." तू म्हणालीस, "हो. तिची सवयच आहे."

त्या प्रश्नाचं उत्तर देते. तोंडानं देता आलं नाही, हातानं देते.

इथे चितोंडो उगवायच्या. आई इथेच आपल्याला पहिल्यांदा घेऊन आली होती, तुला पुढे, मला मागे. तू विसरली नाहीस आणि मीही नाही.

आणि राब मी रचला. बेसा पहिल्या दिवशी फांदी टाकताना म्हणाली, "आई, इथे उतारावरच टाकू, जवळ पडेल." तिच्या पाठीला बाळ होतं, मान अवघडली होती. मी म्हटलं, "नको. तिकडे मधे टाक. सपाट आहे." लोम्बेनं झाडं बोडकी केली, त्यानं झाडं मेली नाहीत. ती फुटतात. माती भाजली ती मी. मला ती जागा डोळे मिटून सापडते, आणि मी तिच्यावरच पहिली फांदी ठेवली. ठेवताना माझ्या मनात तू होतीस. माझ्या लेकीला नाही दाखवलंस ना, मग आता तुझ्या लेकीलाही बघायला मिळणार नाही, असं शब्दांत नव्हतं. पण हात थांबला नाही, आणि हाताला सगळं कळत होतं. मग महिनाभर मी ते ओझं वाहिलं, आणि पेटवायच्या दिवशी सगळ्यांबरोबर उभी राहून धुराच्या नावाखाली डोळे पुसले. बेसा म्हणाली, "तुला धूर सोसत नाही, मागे हो." मी मागे झाले.

आग विझल्यावर पहिल्या पावसानं राखेवर काहीतरी आलं. इवल्या इवल्या शेंदरी वाट्या, राखेला चिकटून बसलेल्या, बाळाच्या नखाएवढ्या. काळ्यावर शेंदरी. आईनं हे कधी दाखवलं नव्हतं. मला त्याचं नाव ठाऊक नाही आणि खातात की नाही तेही ठाऊक नाही. मी त्यांना हात लावला नाही. मला वाटलं, हे माझ्यासाठी आलंय, मी केलं त्याचं पीक. नाचणी वर आली तशा त्या नाहीशा झाल्या.

तुला हे वाचून माझं तोंड बघू नये असं वाटलं तर तसं कर. पण मुकूकाला सांगू नको की वारूळ मुकं होतं. वारूळ भित्रं होतं.

म्वेन्या


मुलेंबो, २२ मे

याया,

तुझं उत्तर आलं नाही. मी वाट पाहत नाही असं लिहिणार होते, पण आता खोटं लिहायचं नाही असं ठरवलंय.

थोडक्यात सांगते. गेल्या आठवड्यात लोम्बेनं पुन्हा कुऱ्हाडीला धार लावली. बेसानं मला आदल्या दिवशीच सांगितलं, "ह्या साली तो वारुळामागची घेणार आहे. दाट आहे, राख चांगली पडेल." मी म्हटलं, "त्याला म्हणावं दुसरीकडे बघ." तिनं विचारलं, "का?" याया, मी तिला सगळं सांगितलं. झाडी कुणाची, मधे काय होतं, राब मी तिथे का रचला. तिनं ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाली, "म्हणजे माझ्या पाठीला बाळ असताना तू मला लांब चालवलंस ते त्यासाठी." मग घरात गेली. नवऱ्याला सांगितलं की नाही कुणास ठाऊक. माझ्यावर इतकी रागावली होती की नसेलच सांगितलं.

सकाळी कुऱ्हाडीचा आवाज आला. मी पोहोचले तेव्हा तो शेंड्यावर होता. पहिली फांदी खाली पडलेली, तिच्या दाढ्या अजून ओल्या. मी सवयीनं वारुळामागे वळले. चितेंगे डोक्यावर ओढलंसुद्धा. वारुळाची माती पाठीला गार लागली, आणि मला मुकूकाच्या पायातले मणी आठवले.

मी बाहेर आले. चितेंगे डोक्यावरून काढलं आणि खांद्यावर टाकलं. उघड्या तोंडानं त्या झाडाखाली जाऊन उभी राहिले आणि म्हटलं, "लोम्बे, खाली उतर. ही झाडं तोडायची नाहीत."

त्याच्या हातातली कुऱ्हाड पडली, माझ्यापासून हातभर अंतरावर. तो घसरत उतरला, गुडघे सोलले, आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून पळाला. मोठा बाप्या, लहान पोरासारखा. संध्याकाळी तो त्याच्या गावी गेला. बेसा बाळ पाठीला बांधून त्याच्या मागे गेली. जाताना माझ्याशी बोलली नाही. मुखियानं मला कोंबडी आणि मणी घेऊन त्याच्या घरी माफी मागायला जायला सांगितलंय. मी जाईन. ते परत येतील की नाही मला ठाऊक नाही. घर फार मोठं वाटतं. घोटलेली उबवाली एकटीला संपत नाही.

वारुळामागची झाडं उभी आहेत. एप्रिलच्या शेवटच्या पावसात तिथे पानांखाली चितोंडो आल्या होत्या. चार-दोनच, आणि मधल्या जागेपासून लांब, पण पिवळ्या. मी खुडल्या नाहीत. बघायला गेले तेव्हा चपला काढल्या. पुढच्या पावसाळ्यात जास्त येतील असं वाटतं.

दाखवायचं तूच. मी मागे उभी राहीन. आणि बेसा आली तर तिलाही पुढे घे.

मुकूकाला सांग, वारूळ बोललं.

म्वेन्या